सामरीचा चेहरा आणि म्हापशातले कॅसेटवाले काका

अकरा जुन्या व्हीएचएस कॅसेटी पेनड्राइव्हवर उतरवायला म्हापशातल्या काकांना दिल्या होत्या. नऊ मिळाल्या, एक गेली ती गेलीच, आणि एक अजून काकांच्या टेबलावर आहे. एका कॅसेटीचे ३५० रुपये, बुरशी काढायची असेल तर वर १००. मिळालेल्या नवांपैकी आठ कॅसेटींना बुरशी होती, म्हणून एकूण ३,९५० झाले. जी गेली तिचा एक पैसाही त्यांनी घेतला नाही. मार्चच्या शेवटी दिल्या, मे संपता संपता पेनड्राइव्ह हातात आला. पावसाच्या आत मिळाला.

घरी जुन्या व्हीएचएस कॅसेटी असतील आणि एवढीच माहिती हवी असेल, तर इथेच थांबा आणि आधी माळ्यावर चढून त्या खाली काढा. मला पुढचं लिहायचंय, कारण त्या पेनड्राइव्हवर मला एक नट पहिल्यांदा नीट बघायला मिळाला. त्याचं नाव अनिरुद्ध अगरवाल. नावावरून फारसं कुणी ओळखणार नाही. 'पुराना मंदिर' या हिंदी भयपटातला सामरी म्हणा, चाळिशीपुढचा माणूस लगेच मान डोलावेल.

मी डिचोलीची. उत्सवातल्या आणि जत्रेतल्या नाटकांची रंगभूषा करते, बावीस वर्षं झाली. त्याआधीचं माझं सगळं लहानपण बाबांच्या व्हिडिओ लायब्ररीत गेलं. घराच्या बलकावाला, म्हणजे ओसरीला, लागून एक खोली होती, तिथे १९८५ साली बाबांनी फळ्या ठोकल्या आणि कॅसेटी मांडल्या. शाळेतून आले की नोंदवहीत लिहायचं काम माझं: नाव, वाडा, कॅसेटीचा नंबर, अनामत. चवथीच्या दिवसांत व्हीसीआर आणि रंगीत टीव्हीसुद्धा भाड्याने जायचा. माटोळीखाली गणपती, समोरच्या खोलीत चटया घालून सगळा वाडा, आणि एका रात्रीत तीन पिक्चर. पहिला देवाचा, दुसरा मारामारीचा, आणि बायामाणसं-पोरं पेंगायला लागली की तिसरा भुताचा. पेंगणारं कुणी मग पेंगत नसे.

भुताच्या कॅसेटी कुणी नावाने मागायचे नाहीत. "ती सामरीची दे गो बाय," एवढंच. नोंदवहीत मी कितीदा तरी पिक्चरच्या नावाऐवजी 'सामरी' असंच लिहिलंय, आणि बाबांनी खोडून वर नाव घातलंय. केबल आल्यावर गिऱ्हाईक ओसरलं, १९९७ साली खोली बंद झाली. बहुतेक कॅसेटी विकल्या. ज्या विकवल्या नाहीत त्या बाबांनी पत्र्याच्या ट्रंकेत भरून माळ्यावर ठेवल्या. बाबा गेले. दोन वर्षांपूर्वी छपराचे नळे बदलायला घेतले तेव्हा ट्रंक खाली आली.

गोव्याच्या हवेत सत्तावीस-अठ्ठावीस पावसाळे काढलेली कॅसेट कशी दिसते ते आधी सांगते, म्हणजे तुम्ही तुमच्या तपासू शकाल. कॅसेट उजेडात धरा आणि पारदर्शक खिडकीतून आत गुंडाळलेल्या फितीची कड बघा. ती काळी-तपकिरी आणि काचेसारखी गुळगुळीत दिसायला हवी. त्यावर पीठ भुरभुरल्यासारखं किंवा कोळ्याचं जाळं बसल्यासारखं पांढरं दिसलं तर ती बुरशी. अशी कॅसेट कुठल्याही मशीनमध्ये घालू नका, दोन मिनिटं बघण्यासाठीही नाही. फीत चिकटलेली असेल तर ओढताना फाटते, आणि बुरशी मशीनच्या हेडला, म्हणजे फितीवरचं चित्र वाचणाऱ्या भागाला, लागून पुढच्या प्रत्येक कॅसेटीला पोचते.

मला हे माहीत नव्हतं. एका शहरातल्या स्टुडिओत मी पहिली कॅसेट घेऊन गेले. लग्नाचे अल्बम, ड्रोनचं शूटिंग, सगळं चकचकीत. तिथल्या मुलाने खिडकीतून आत न बघताच कॅसेट आत ढकलली. आतून घरंगळल्यासारखा आवाज आला आणि फीत मशीनच्या पोटात अडकली. ओढून काढली तेव्हा चार-पाच हात फीत चुण्या पडलेल्या रिबिनीसारखी लोंबत होती. "जुनी आहे, असं होतंच," म्हणाला. ती कॅसेट साधी नव्हती. तिचं सांगते पुढे.

काकांचं नाव-पत्ता इथे देत नाही. त्यांनीच नको म्हणून सांगितलंय. एकटेच काम करतात, एका वेळी झेपतील तेवढ्याच कॅसेटी घेतात. मला विचाराल तर फोन नंबर देईन. म्हापशाला खोर्लीच्या बाजूला त्यांचं घर आहे. डिचोलीहून अस्नोड्यावरून जाणारी बस धरायची, म्हापशाला उतरायचं, पुढे रिक्षा. सत्तरीच्या आसपासचे आहेत. उभा जन्म टीव्ही आणि व्हीसीआर दुरुस्त करण्यात गेला. आता दुरुस्तीला कुणी येत नाही, म्हणून हे काम.

पहिल्या दिवशी त्यांनी एकही कॅसेट लावली नाही. अकराच्या अकरा टेबलावर मांडल्या, बॅटरीच्या उजेडात एकेक बघितली आणि तीन ढीग केले. मग विचारलं, "ह्यात घरचं कुठलं आणि बाजारचं कुठलं?" पिक्चरच्या कॅसेटी ते फक्त घरात बघण्यासाठी करून देतात, वाटण्यासाठी नाही, हे त्यांनी स्वच्छ सांगितलं. मी हो म्हटल्यावरच पावतीसारखा एक कागद लिहिला.

नंतर एक दिवस मी मुद्दाम काम बघायला गेले. त्यांनी नाकावर फडकं बांधलं आणि अंगणात स्टूल टाकलं. बुरशी घरात झाडायची नाही, हा त्यांचा नियम. कॅसेटीच्या पाठचे पाच स्क्रू काढले, झाकण उचललं, दोन्ही रिळं बाहेर घेतली. हाताने फिरवायच्या एका लाकडी चौकटीवर ती चढवली. स्वतःच बनवलीय, सायकलचे बेअरिंग घालून. मऊ कापडावर आयसोप्रोपिल अल्कोहोल घेऊन त्यातून फीत सरकवत राहिले, एका बाजूने, मग दुसऱ्या बाजूने. कापड राखाडी झालं की टाकायचं, नवं घ्यायचं. १८० मिनिटांच्या कॅसेटीत अडीचशे मीटरहून जास्त फीत असते. एका कॅसेटीला त्यांचा अख्खा दुपारपर्यंतचा वेळ जातो आणि त्याचे ते शंभर रुपये घेतात. मी रंगभूषेला तासाचे जे घेते ते आठवून मला कसंतरीच झालं. जास्त देऊ केले, घेतले नाहीत.

साफ झालेली फीत ते नव्या, चांगल्या कवचात भरतात. मग मशीन. पाच व्हीसीआर आहेत त्यांच्याकडे, त्यातले दोन फक्त सुट्या भागांसाठी. जपानच्या शेवटच्या कंपनीने २०१६ च्या जुलैत व्हीसीआर बनवणं थांबवलं, त्यामुळे आता जे आहे ते एवढंच. प्रत्येक कॅसेटीनंतर हेड बसवलेला फिरता ड्रम पुसतात, आणि पुसण्याची काडी आडवीच फिरवतात. उभी फिरवली की हेड तुटतो. व्हीसीआरच्या पुढे टाइमबेस करेक्टर नावाची एक पेटी जोडलेली आहे, तिच्यामुळे जुन्या फितीचं थरथरणारं चित्र जागेवर राहतं. तीन तासांची कॅसेट उतरवायला तीनच तास लागतात, घाईचा मार्ग नाही. ते शेजारी बसून असतात आणि चित्र बिघडलं की ट्रॅकिंगचं बटण हाताने फिरवतात.

आता मुद्द्याची गोष्ट. 'पुराना मंदिर'ची कॅसेट उतरवून झाल्यावर काकांचा फोन आला. "तुझी फीत सगळी चांगली आहे, पण सहा जागी खराब आहे. ये आणि बघ कुठे ते."

गेले. त्यांनी पहिली खराब जागा लावली. पांढरे पट्टे, हिमासारखे ठिपके, आणि त्यामागे सामरी. दुसरी जागा, परत सामरी. तिसरी, पेटीतलं डोकं. सहापैकी पाच जागा त्याच्याच.

कारण काकांनी समजावलं. व्हीसीआरमध्ये फीत सेकंदाला अडीच सेंटिमीटरही पुढे सरकत नाही, पण हेडचा ड्रम सेकंदाला २५ फेऱ्या मारतो. चित्र थांबवण्याचं बटण दाबलं की फीत जागच्या जागी राहते आणि ड्रम फिरतच असतो. दोन हेड धरले तर एकच जागा सेकंदाला ५० वेळा घासली जाते. पाच मिनिटं चित्र थांबवून ठेवलं तर पंधरा हजार वेळा. म्हणून तर बऱ्याच मशीनमध्ये थोड्या वेळाने ते बटण आपोआप सुटतं. आमच्या गिऱ्हाइकांनी बारा वर्षं त्या माणसाला थांबवून थांबवून बघितलं होतं. मागे नेऊन परत बघितलं होतं. डिचोली, साखळी, मये, नार्वे, कुठल्या कुठल्या घरांतून. नोंदवहीत मी नुसती नावं लिहीत होते, त्या घरांनी काय बघितलं ते त्या फितीवर होतं.

काकांनी त्या पाच जागा तीन वेगवेगळ्या मशीनवर, वेगवेगळ्या ट्रॅकिंगवर उतरवल्या आणि ज्या मशीनवर जी जागा बरी आली ती जोडली. हे त्यांनी न सांगता केलं, जादा पैसेही लावले नाहीत. दोन ठिकाणी अजून पट्टे आहेत. तीन ठिकाणी चेहरा स्वच्छ आला.

आणि तो चेहरा मी रंगभूषाकाराच्या नजरेने पहिल्यांदा बघितला.

स्वस्तातल्या भयपटांत भूत म्हणजे बहुधा रबराचा मुखवटा. मी स्वतः लॅटेक्सचं काम करते, म्हणून सांगते: मुखवट्यात गाल हलत नाही. नट आत कितीही रडला, ओरडला, बाहेर काही पोचत नाही. डोळ्यांभोवतीची कड उघडी पडते, मानेपाशी जोड दिसतो. लहानपणी आम्ही सगळे सामरीलाही मुखवटाच समजत होतो. तसं नाही. केस विस्कटलेले आहेत, रंग लावलेला आहे, पण खाली हाडं त्या माणसाची स्वतःची आहेत. तो लांब जबडा, ती पुढे आलेली भुवई, गालांची खोबण. आपण सफेदा, पिवडी आणि काजळाने तासभर खपून जी सावली पाडतो ती त्याच्या चेहऱ्यावर नुसत्या एका बाजूच्या दिव्याने पडते. त्यामुळे गाल हलतो, ओठांचा कोपरा हलतो, आणि म्हणून भीती वाटते.

ही हाडं अशी का, हेही उघड आहे, त्या माणसाने स्वतः मुलाखतींतून सांगितलंय. डेहराडूनकडचा हा माणूस, रुडकीला सिव्हिल इंजिनिअरिंग शिकलेला. पिट्युटरी ग्रंथीवर गाठ झाली. त्या ग्रंथीतून वाढीचं संप्रेरक जास्त पाझरायला लागलं की मोठ्या माणसाचीसुद्धा जबड्याची, कपाळाची, हातापायांची हाडं वाढत राहतात. आजारपणाने बदललेला तो चेहरा आणि मूळची उंची भयपट काढणाऱ्या रामसे बंधूंना हवी होती. १९८४ साली तुलसी आणि श्याम रामसे यांचा 'पुराना मंदिर' आला. नूतनचा मुलगा मोहनीश बहल त्यात नायक, आपले सदाशिव अमरापूरकरही आहेत. रामसे सात भाऊ. कुणी लिहायचा, कुणी कॅमेरा सांभाळायचा, कुणी आवाज, कुणी संकलन. १९७२ च्या 'दो गज ज़मीन के नीचे'साठी तर महाबळेश्वरला मुक्काम ठोकून थोडक्या पैशांत त्यांनी चित्रपट केला होता. अशा घरच्या कारभारात भुतासाठी महागडी यांत्रिक करामत कुठून येणार? त्यांच्याकडे हा एक माणूस आला, आणि करामतीची सगळी जागा त्याने भरून काढली.

पडद्यावर त्याचं नाव कधी अजय अगरवाल, कधी अनिरुद्ध अगरवाल. नावंच दोन, तर लोकांनी लक्षात कुठलं ठेवायचं?

'पुराना मंदिर'मध्ये सामरीचं मुंडकं धडावेगळं केलेलं असतं आणि हवेलीत पेटीत बंद असतं. म्हणजे नटाकडे हात नाहीत, पाय नाहीत, चाल नाही. नुसते डोळे. रंगभूमीवर मी चांगले चांगले नट बघितलेत, पूर्ण देह हाताशी असून ज्यांच्या डोळ्यांत काही येत नाही. साफ झालेल्या चित्रात मी ते दृश्य पाच-सहा वेळा बघितलं. हा माणूस डोळे मोठे करत नाही. अर्धे उघडतो आणि थांबतो. ते थांबणं मला शिकवायला लागतं आमच्या नटांना, आणि दहातल्या एकाला जमतं. इंजिनिअर माणूस, अभिनयाची शाळा नाही. हे त्याने कुठून आणलं?

१९८५ मध्ये त्याच नावाचा 'सामरी' आला, थ्रीडी. आमच्याकडे त्याची कॅसेट होती. तीच ती गेलेली. फितीवरचा थर बुरशीने सुटून गेला होता, अल्कोहोलचं कापड लावलं की तपकिरी रंगच कापडावर यायचा. काकांनी दोन हात फीत तपासली आणि थांबले. "आता ओढली तर मशीनही जाईल," म्हणाले. त्यांचं थांबणं मला पटलं. थ्रीडी पिक्चर कॅसेटीवर तसाही सपाटच दिसायचा, पण त्यात तो होता, म्हणून वाईट वाटलं.

मग १९९० चा 'बंद दरवाज़ा'. इथे तो नेवला. काळ्या पहाडीत राहणारा, रक्त पिणारा. संवाद जवळजवळ नाहीतच. आणि इथे आहे चाल. आपल्याकडे देवचार आणि वेताळ रात्री सीमेवरून फिरतात असं मानतात. वेताळाला चामड्याच्या वहाणा वाहतात, त्या झिजतात, म्हणजे देव फिरला. आजी म्हणायची, देवचार कधी घाईने चालत नाही, त्याला कुठे पोचायचं नसतं, सगळी जागा त्याचीच. नेवला तसा चालतो. खांदे हलत नाहीत, डोकं वर-खाली होत नाही, आणि समोरचा जीव घेऊन पळतोय तरी याचं पाऊल वाढत नाही. दशावतारी काल्यात आमचा संकासूर येतो तो उड्या मारत, जीभ दाखवत, पोरांना घाबरवत. ती वेगळी गंमत. हा काही करतच नाही, आणि म्हणून लांबून चालत येतानाच पोरं आईच्या पदरात शिरायची.

चार वर्षांनी, १९९४ मध्ये, 'बँडिट क्वीन'मध्ये तो बाबू गुज्जर झाला. रंग नाही, केस विस्कटलेले नाहीत, भूत नाही. माणूसच. त्याच वर्षी डिस्नेच्या 'द जंगल बुक'मध्ये तबाकी. पुढे १९९८ चा 'सच अ लाँग जर्नी', मग २००० साली 'मेला'. 'झी हॉरर शो'मध्येही असायचा, आमच्या ट्रंकेतल्या दोन कॅसेटी बाबांनी टीव्हीवरून भरलेल्या त्याच मालिकेच्या, जाहिरातींसकट. पण मुख्य भूमिका म्हणाव्यात अशा एका हाताच्या बोटांवर मोजाव्यात. त्या चेहऱ्याला कुणी बाप दिला नाही, मास्तर दिला नाही, शेजारी दिला नाही. ज्या माणसाला अर्धे डोळे उघडून थांबणं येतं त्याला बापाचं काम जमलं नसतं का? माझी खात्री आहे, जमलं असतं. दिग्दर्शक-निर्मात्यांनी हाडं बघितली आणि तिथेच थांबले. मी रोज माणसांची तोंडं हातात घेते. कुणाचा जबडा मोठा, कुणाचं नाक बसकं. त्यावरून मी त्यांना भूमिका वाटायला लागले तर मला कुणी पुन्हा बोलावू नये.

हे मी इतक्या पोटतिडकीने लिहितेय त्याला अण्णा कारण आहेत.

अण्णा म्हणजे बाबांचे थोरले भाऊ. खाणीवर कामाला. आमच्या घराचं दार त्यांच्यासाठी कमी पडायचं, वाकून आत यायचे. जबडा मोठा, हात मोठे. त्यांच्या मापाची चप्पल बाजारात मिळत नसे, चांभाराकडून करवून घ्यावी लागे. १९८५ नंतर वाड्यावरच्या पोरांनी त्यांना सामरी म्हणायला सुरुवात केली. समोरून कुणी म्हणत नसे, वळले की मागून. बाबा लायब्ररी चालवायचे, म्हणजे ते नाव आमच्याच घरातून गावभर गेलं होतं. अण्णा काही बोलायचे नाहीत. फक्त चवथीला तिसरा पिक्चर लावला की उठून बाहेर सोप्यावर जाऊन बसायचे.

'बंद दरवाज़ा' आला तेव्हा मी तेरा वर्षांची होते. एका दुपारी शाळेतून आले तर लायब्ररीच्या खोलीत दार लोटून अण्णा एकटेच बसलेले. आवाज बंद, चित्र चालू. नेवला चालत येतो, अण्णा मागे नेतात, परत बघतात. मला बघून त्यांनी टीव्ही बंद केला नाही. म्हणाले, "बाय, हा माणूस बघ कसा चालतो. कुणाला भीत नाही." त्या वर्षी उत्सवातल्या नाटकात त्यांनी पहिल्यांदा काम मागितलं. राक्षसाचं दिलं, अर्थातच. ते पडद्यामागून आले तेव्हा मांडवात पोरांनी "सामरी, सामरी" केलं. अण्णा तसेच चालत आले, न थांबता, पाऊल न वाढवता, आणि मांडव गप्प झाला. त्यानंतर तेरा वर्षं, जाईपर्यंत, त्यांनी नाटक सोडलं नाही. मी रंगभूषेत आले ती त्यांचं तोंड रंगवता रंगवता.

त्या पहिल्या नाटकाचं चित्रीकरण लग्नाच्या व्हिडिओवाल्याने केलं होतं आणि बाबांनी 'बंद दरवाज़ा'च्या एका जादा कॅसेटीच्या शेवटी, उरलेल्या फितीवर ते उतरवून घेतलं होतं. स्टुडिओतल्या मुलाच्या मशीनने जी फीत चुरगळली ती हीच. घरात ती एकच प्रत.

सेवेबद्दलच्या उरलेल्या गोष्टी लिहून टाकते. काका दुपारी एक ते चार फोन उचलत नाहीत, रविवारी घेत नाहीत. फायलींना नाव देत नाहीत, फक्त नंबर, त्यामुळे कॅसेटीवर तुमचा नंबर आधी लिहा. चित्र मूळच्या आकारात, चार-तीन प्रमाणात देतात. टीव्हीभर ताणून हवंय म्हणून हट्ट धरू नका, माणसं आडवी फुगलेली दिसतात. पेनड्राइव्हवर विसंबू नका, घरी आल्या आल्या दुसरीकडे एक प्रत काढा. मूळ कॅसेटी ते परत देतात, सिलिका जेलच्या पुड्या घालून, आणि पुस्तकासारख्या उभ्या ठेवायला सांगतात. माझी एकच तक्रार: वेळ सांगताना ते फार कमी सांगतात. मला तीन आठवडे म्हणाले होते, दोन महिने लागले. पण काम बघितलेलं असल्याने मी दोनदाच विचारलं. घाईत असाल, लग्नाच्या पन्नासाव्या वाढदिवसाला पुढच्या आठवड्यात दाखवायचं असेल, तर त्यांच्याकडे जाऊ नका. बाकी कुणीही जा, आणि पुढच्या पावसाच्या आत जा.

अकरावी कॅसेट त्यांनी शेवटी घेतली. चुरगळलेली फीत ते काचेवर ठेवून, मऊ कापडाखाली बोटाने दाबत सरळ करत होते, वीतभर करून. जिथे फाटलीय तिथे पाठीमागून जोडपट्टी लावायची, चित्राच्या बाजूने लावली तर हेड जातो. मी म्हटलं, पिक्चर नाही आला तरी चालेल, शेवटचं तेवढं बघा.

काल संध्याकाळी फोन आला. पहिली सात मिनिटं निघालीत. आवाज नाही, रंग नाही, वरचा तिसरा हिस्सा पट्ट्यांनी भरलाय. "मांडव दिसतो," काका म्हणाले. "मागून एक उंच माणूस येतो. तोंड दिसत नाही गो बाय, पट्ट्यात जातं. चाल दिसते."

मी सोमवारी पहिल्या बसने जातेय.